फळेकाका

आमच्या सोसायटीत नव्यानं राहायला आलेल्या एका बाईंनी पहिल्याच आठवड्यात वॉचमनला विचारलं, "ते फळेकाका हापूस काय भावानं देतात?" त्यांची चूक नव्हती. लिफ्टमध्ये, जिन्यात, पंपाच्या खोलीपाशी, जिथं जावं तिथं त्यांच्या कानावर हे एकच नाव पडत होतं. आणि डोंबिवलीत एप्रिल महिन्यात कुणाला फळेकाका म्हणत असतील तर त्याच्या पलंगाखाली आंब्याच्या पेट्या असणार, हा अंदाज रास्तच होता. एप्रिलमध्ये निम्मी डोंबिवली आंबे विकते आणि उरलेली निम्मी यंदा महाग आहेत म्हणून सांगत फिरते.

पण आमच्या काकांचा संबंध फळांशी नाही, फळ्याशी आहे. गेटातून आत आलं की उजव्या हाताला, मीटरच्या खोलीच्या दाराशेजारी, तीन बाय दोनचा एक काळा फळा आहे. वरच्या पट्टीवर पांढऱ्या ऑइलपेंटमध्ये ‘आजचा सुविचार’, खालच्या पट्टीवर ‘सौजन्य’ आणि पुढे एका कोचिंग क्लासचं नाव. तो क्लास कधीच बंद पडला. पुढचं नाव पावसाच्या ओलीनं गेलं, सौजन्य तेवढं उरलं.

सकाळी सव्वासहाला काका दूध घ्यायला खाली उतरतात. परत येताना दुधाची पिशवी डाव्या हाताच्या करंगळीला अडकवतात आणि उजव्या हातानं ओल्या फडक्यानं कालचा सुविचार पुसतात. मग फळा वाळेपर्यंत तिथंच उभे राहतात. ओल्या फळ्यावर लिहिलेलं आधी दिसत नाही आणि वाळल्यावर नको तितकं दिसतं, असं त्यांचं म्हणणं. मग खडू मधोमध मोडून त्याच्या तुटक्या कडेनं लिहायला घेतात. आधी सगळी अक्षरं बिनटोपीची, ओळंब्यात उभी. आणि शेवटी, श्वास रोखून, डावीकडून उजवीकडे एकच सलग शिरोरेषा. ती रेघ ओढून होईपर्यंत त्यांच्याशी बोलायचं नसतं. पेपरवाला पोरगाही थांबतो.

काका निवृत्त मुद्रितशोधक आहेत. फोर्टातल्या एका छापखान्यात दुसऱ्यांच्या चुका काढायचा चौतीस वर्षं पगार घेतला. निवृत्तीनंतर पगार थांबला, चुका काढायचं थांबलं नाही.

बाहेरच्या माणसाला वाटतं, काय सुसंस्कृत सोसायटी आहे, रोज नवा सुविचार! आत राहणाऱ्याला ठाऊक असतं की रोज सकाळी कुणाची तरी पाळी आहे. पुणेरी पाटी समोरून येते, छातीवर येते, तिच्याशी निदान दोन हात करता येतात. आमच्या डोंबिवलीचा सुविचार मागून येऊन चिमटा काढतो, आणि वळून बघावं तर तिथं नुसतं तत्त्वज्ञान उभं असतं. वॉचमनला रात्री डुलकी लागली, त्याच्या दुसऱ्या दिवशी फळ्यावर होतं: ‘खाल्ल्या मिठाला जागणारा माणूस रात्रीही जागाच असतो.’ कमिटीच्या निवडणुकीत चारशे एकवाले आदल्या रात्री दुसऱ्या पॅनलमध्ये गेले, तेव्हा: ‘पतंगही वाऱ्याबरोबर फिरतो, पण त्याला निदान एक मांजा असतो.’ चारशे एकवाले फळ्यासमोर पाच मिनिटं उभे राहिले, "वा, काय लिहिलंय!" म्हणाले, मोबाइलवर फोटो काढला आणि आपल्या साडूला पाठवला. साडूनंही नुकताच पक्ष बदललेला होता. निष्ठेवरचा सुविचार वाचताना प्रत्येकाला दुसराच आठवतो. काकांच्या कलेची मर्यादा म्हणा, नाहीतर तिचा विमा म्हणा.

सुविचाराखाली नाव असतं, आणि ते काकांचं नसतं. एकदा मी विचारलं, "काका, हे खरंच वपुंचं आहे?"

"छे रे, माझंच."

"मग खाली वपु?"

"माझं नाव टाकलं तर चारशे एकवाला भांडायला येईल. वपुंशी कोण भांडणार?"

यात अर्थ आहे. व. पु. काळे मुंबई महापालिकेत वास्तुविशारद होते, म्हणजे शहरातला माणूस किती चौरस फुटांत किती सहन करतो, हे त्यांना नकाशासकट माहीत होतं. ‘वपुर्झा’ तर असल्या सुट्या सुट्या विचारांचंच पुस्तक, कुठलंही पान उघडावं आणि वाचायला लागावं. तेव्हा नाव उसनं घ्यायचं तर त्यांच्याइतकं हक्काचं माणूस दुसरं कोण? परिणाम असा झालाय, की वपु गेले २००१ साली, व्हॉट्सॲप आलं २००९ साली, आणि तरीही ‘लास्ट सीन’ आणि निळ्या खुणांवरचे वपुंचे विचार आपल्याला रोज सकाळी सूर्योदयाच्या चित्रासकट येत असतात. हे सगळं फळेकाकांनी केलं असं मी म्हणणार नाही. थोडं केलं.

मोठ्या प्रसंगाला ते विवेकानंदांना बोलावत. ‘दुसऱ्याच्या जागेत लावलेली स्कूटर स्वतःच्या मनातून काढता येत नाही’ या वाक्याखाली त्यांनी स्वामीजींचं नाव टाकलं, तेव्हा दुसऱ्या मजल्यावरची दहावीतली मुलगी म्हणाली, "काका, स्वामी विवेकानंद १९०२ मध्ये गेले. त्यांना स्कूटर कुठली माहीत?" काकांनी चष्मा कपाळावर सरकवला. चूक दाखवली की त्यांना राग येत नाही, एक प्रकारचा व्यावसायिक आनंद होतो. त्यांनी नाव पुसलं आणि तिथं ‘एक संत’ असं लिहिलं. तेव्हापासून ‘एक संत’ आमच्या फळ्यावर बरेचदा येतात. त्यांना जन्मतारीख नाही, मृत्यूची तारीख नाही, आणि सोसायटीच्या पाण्याच्या वेळा त्यांना तोंडपाठ आहेत.

मागच्या दिवाळीत न्यू जर्सीच्या भाचीकडून काकांना एक मेसेज आला. मागे हिमालय, पुढे दोन राजहंस, आणि मधे आमच्याच फळ्यावरचं, आमच्याच गळक्या टाकीवरून सुचलेलं वाक्य: ‘शेजारी बदलता येत नाही, म्हणून तरी त्याला नीट वाचावं.’ खाली वपु. आपलं वाक्य सातासमुद्रापार जाऊन आलं याचा आनंद काकांच्या तोंडावर मी पाहिला. तो साधारण चार सेकंद टिकला. पाचव्या सेकंदाला ते म्हणाले, "‘शेजारी’मधला ‘री’ ऱ्हस्व केलाय गाढवांनी."

घरात मात्र हा वक्ता मुका. काकू सांगतात, "चाळीस वर्षांत यांनी मला एक वाक्य धड बोलून दाखवलेलं नाही. काय खुपतंय ते कळायला मला पिशवी घेऊन खाली उतरावं लागतं." एकदा त्या भाजी आणायला निघाल्या, तर फळ्यावर: ‘बिनमिठाची आमटी न बोलता पिणं हीही एक साधनाच.’ खाली वपु. काकू थांबल्या. पिशवी वॉचमनच्या खुर्चीवर ठेवली, खडू घेतला आणि खाली लिहिलं, ‘आज साधना बाहेर करावी.’ आणि त्याखाली, हे महत्त्वाचं, ‘वपु’. ते दोन वपु दिवसभर एकमेकांखाली उभे होते. त्या दिवशी काकांनी स्टेशनजवळ मिसळ खाल्ली, असं ज्यांनी पाहिलं ते सांगतात. काकूंच्या वाक्याला शिरोरेषा वाकडी होती, पण एकही चूक नव्हती. ते काका अजून कबूल करतात.

काकांची ही नीती कुठल्या ग्रंथातून आलेली नाही, सकाळच्या फास्ट लोकलमधून आलेली आहे. लोकलमध्ये तिघांच्या बाकावर चौथा बसतो. बसतो म्हणजे अर्धा बसतो आणि अर्धा पॅसेजमध्ये राहतो. त्याला चौथी सीट म्हणतात. तो "जरा सरकून घ्या" म्हणाला की तिघांनी सरकायचं, वर बघायचंही नाही. घाटकोपर-कुर्ल्याच्या सुमाराला बसलेल्यानं उठायचं आणि उभ्याला बसवायचं. ज्याची बॅग वरच्या फळीवर पोचत नाही त्याची बॅग हातोहात आत जाते, आणि उतरताना तशीच हातोहात बाहेर येते. यातलं एक कलम रेल्वेच्या कुठल्या पाटीवर नाही, तरी सीएसएमटीपर्यंत ते चालतं. काका म्हणतात, "मुंबईत माणसाला जात विचारू नये, कुठं उतरणार ते विचारावं." हे त्यांचं मला सगळ्यात आवडतं वाक्य. ते त्यांनी फळ्यावर कधीच लिहिलं नाही. एवढं सरळ वाक्य कुणाला उद्देशून लिहायचं, असा त्यांना प्रश्न पडला असावा.

पण त्याच गाडीतली दुसरी बाजूही ते लपवत नाहीत. "दारात उभं राहून मधल्या स्टेशनवर चढणाऱ्याला ‘मागची खाली येतेय’ असं ठोकून देणाऱ्यांत मीही होतो," ते म्हणाले. "चौतीस वर्षं. एकदाही मागची खाली आली नाही."

२००५ साली निशिकांत कामतांचा ‘डोंबिवली फास्ट’ आला, तेव्हा आमच्या गावाला फार कौतुक. बँकेत काम करणारा, नाकासमोर चालणारा माधव आपटे एके दिवशी सटकतो आणि क्रिकेटची बॅट घेऊन शहर सरळ करायला निघतो. काका काकूंना घेऊन पाहून आले आणि गप्प बसले. दोन दिवसांनी मला जिन्यात गाठून म्हणाले, "सगळं खरं आहे. पण बॅट कशाला? सोसायटीत फळा नव्हता का त्याच्या?"

आता शेठचा प्रसंग. कोपऱ्यावरचा वाणी आमचा जुना, महिन्याचं सामान वहीवर देणारा. दहा मिनिटांत घरपोच आणून देणारी ॲपं आली आणि शेठच्या दुकानात संध्याकाळीसुद्धा पंख्याचा आवाज ऐकू यायला लागला. काकांना ते लागलं. दुसऱ्या दिवशी फळ्यावर: ‘दहा मिनिटांत येणारा वीस वर्षं उधार देत नाही.’ आजवरचा सर्वांत गाजलेला सुविचार. शेठनं त्याचा फोटो मोठा करून गल्ल्यामागे, लक्ष्मीच्या तसबिरीखाली लावला आणि काकांना पाव किलो शेंगदाणे दिले. पैसे घेतले नाहीत. सोसायटीत दोन दिवस निष्ठेचं वातावरण होतं.

तिसऱ्या दिवशी रात्री नऊला, शेठ दुकान बंद करून आमच्याच गेटाशी कुणाशी बोलत उभा असताना, एक डिलिव्हरीवाला मुलगा गाडी लावून ओरडला, "चारसौ तीन! कोथिंबीर और एक लिंबू!" चारशे तीन म्हणजे काका. वॉचमननं इंटरकॉम लावला. काका लिफ्टनं खाली आले, शेठला पाहिलं आणि मुलाकडून पिशवी अशी घेतली, जशी काही ती रस्त्यात सापडलीय आणि ते ती पोलिसांत देणार आहेत. शेठ काही बोलला नाही. "काकी ठीक है ना?" एवढंच विचारून स्कूटरवर बसला. त्यानं शिवी दिली असती तर काकांना बरं वाटलं असतं. दुसऱ्या दिवशी ते दुकानात गेले आणि गरज नसताना शेठकडून मोठाल्या चार जुड्या कोथिंबीर घेऊन आले. तीन दिवस त्या घरात कोथिंबीरवडी होती, दोन डबे आमच्याकडेही आले. फळ्यावर त्या आठवड्यात निष्ठेचा विषय नव्हता. ‘रोज सकाळी कोमट पाणी प्यावे’ असं काहीतरी होतं.

आदराचंही असंच. ‘ज्याला नावानं हाक मारता येत नाही, त्याला काम सांगू नये’ हे वाक्य त्यांनी ‘ए वॉचमन’ म्हणून ओरडणाऱ्या तळमजल्यावरच्या कुटुंबासाठी लिहिलं. वाक्य बिनतोड आहे. मी म्हटलं, "काका, तुम्ही याला काय नावानं हाक मारता?"

"बहादूर."

बहादूर हा याच्याही आधीच्याच्या आधीचा वॉचमन. हा उत्तर प्रदेशातला, गोंड्याचा, आणि चार वर्षं बहादूर या नावाला ओ देत होता, कारण काकांचं मन मोडू नये असं त्याला वाटायचं. काकांना हे कळलं तेव्हा ते त्याच्यापाशी गेले, खरं नाव विचारलं आणि खिशातल्या डायरीत टिपून घेतलं. आता त्याला ते अगदी बरोबर नावानं हाक मारतात. फक्त तो चटकन वळत नाही. त्याला बहादूरची सवय झालीय.

आता लिफ्टचं सांगतो. वार्षिक सभा ३० सप्टेंबरच्या आत घ्यावी लागते, म्हणून ती आमच्याकडे २८ तारखेला असते. जमाखर्च झाला, टाकी झाली, कबुतरं झाली, आणि मग कुणीतरी म्हणालं की लिफ्टला ओरखडे पडतात, घाण होते, तेव्हा कामवाल्या बायका आणि डिलिव्हरीवाली मुलं यांनी जिना वापरावा. लिफ्टमध्ये सायकली कोण चढवतं, कुत्री कुणाची असतात, हे सगळ्यांना माहीत होतं. कुणी काही बोललं नाही. मीही नाही. माझ्या हातात सामोशाची बशी होती, हे कारण तेव्हा मला पुरेसं वाटलं. काका दुसऱ्या रांगेत बसले होते, खाली मान घालून. ठराव मंजूर झाला आणि सेक्रेटरी म्हणाले, "काका, उद्या फळ्यावर टाका. तुमच्या अक्षरात वजन येतं."

दुसऱ्या दिवशी फळ्यावर सुविचार होता. पण कसा? अकरा ओळी, मुंगीएवढं अक्षर, चारही कडांना टेकलेला. ‘मनुष्य जन्मास येतो तेव्हा’ अशी सुरुवात, आणि पुढे बालपण, शाळा, लग्न, कर्ज. वाचायला खाली बसावं लागत होतं. सेक्रेटरींनी विचारलं, "सूचना?" काका म्हणाले, "जागाच नाही हो." दुसऱ्या दिवशी पुढच्या अकरा ओळी. सुविचाराच्या शेवटी ‘क्रमशः’ लिहिलेलं मी आयुष्यात पहिल्यांदा पाहिलं. मनुष्य आठ दिवस जन्मास येत होता, आणि फळा आठ दिवस भरलेला होता.

नवव्या दिवशी सेक्रेटरींनी वैतागून सूचना संगणकावर टाइप केली, लॅमिनेट केली आणि लिफ्टमध्ये आरशाच्या वर चिकटवली. ‘कामवाल्या बायका व डिलीव्हरी बॉईज यांनी लिफ्ट वापरु नये. हूकूमावरून.’

संध्याकाळपर्यंत ती लाल झाली होती. साधं पेन लॅमिनेशनवर चालत नाही, म्हणून काका खास स्टेशनरीच्या दुकानात जाऊन न पुसणारं मार्कर घेऊन आले होते. ‘वापरु’चा शेवटचा उकार ऱ्हस्व, त्याला गोल, मराठी शब्दाच्या शेवटी येणारा उकार दीर्घ लिहावा, हा साहित्य महामंडळाचा नियम १९६२ पासून आहे, ‘वापरू’ पाहिजे. ‘डिलीव्हरी’तला ‘ली’, गोल. ‘हूकूमावरून’मध्ये तर दोन गोल आणि समासात मुद्रितशोधकाच्या खुणा, ज्या आता वाचणारंही कुणी उरलेलं नाही. आणि खाली, शाळेत असतं तसं, ‘१० पैकी ३’. लिफ्टमधून जाणारा प्रत्येक माणूस सूचना सोडून मार्क वाचायचा. पहिल्या मजल्यावरची मुलं तर फक्त ते बघायला वरखाली करत होती. सेक्रेटरींचं शिक्षण इंग्रजी माध्यमातलं, त्यांना ते फार झोंबलं. त्यांनी सूचना काढली आणि काकांच्या हातात दिली: "तुम्हीच नीट करून द्या, मी परत छापतो."

"बघतो," काका म्हणाले.

ही ऑक्टोबरातली गोष्ट. छापखान्याचा नियम असा, की मुद्रितशोधकाकडे गेलेलं प्रूफ तो सही करून परत देत नाही तोवर मशीन लावायचं नसतं. प्रूफ काकांकडे आहे. मधे दोनदा सेक्रेटरींनी आठवण केली. एकदा काका म्हणाले, ‘व’ आणि ‘आणि’ यांत काय ठेवावं याचा विचार चाललाय. दुसऱ्यांदा चष्म्याचा नंबर बदलला होता.

मी त्यांना विचारलं, "सभेत बोलला असतात तर?"

"सभेत बोललं की इतिवृत्तात नाव येतं."

"आलं तर आलं."

"इतिवृत्ताचं प्रूफ मीच वाचतो," ते म्हणाले. "स्वतःच्या नावात चूक सापडली तर काय करायचं?" आणि कधी नव्हे ते मोठ्यानं हसले. यावर मी काय बोलणार? सामोसे मी खाल्ले होते. आमच्याकडे पोळ्या करायला येणाऱ्या बाई अजून लिफ्टनंच येतात. असा काही ठराव झालाय, हे त्यांना माहीतही नाही.

सध्या काका गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी मुलीकडे नाशिकला आहेत. जाताना खडूचा डबा त्यांनी माझ्या हातात दिला, वर एक सूचना: "काही सुचलं नाही तर वपु." पहिल्या दिवशी मी तासभर फळ्यासमोर उभा होतो. शेवटी लिहिलं, ‘शुक्रवारी पाणी येणार नाही.’ शिरोरेषा डावीकडून उजवीकडे जाताना वर चढली. चारशे एकवाले बराच वेळ वाचत उभे राहिले. "कुणाला उद्देशून आहे?" त्यांनी हळूच विचारलं.

आणि एक. ओलं फडकं वाळायला टाकलेलं असतं तेव्हा वापरायचं लाकडी डस्टर गेले पाच दिवस जागेवर नाही. ते काकांच्या छापखान्यातलं आहे. ज्यांनी नेलं असेल त्यांनी कृपया वॉचमनच्या टेबलावर आणून ठेवावं. नाव विचारलं जाणार नाही.